जॉन एल्वेस : १८ पेन्समध्ये निवडून आलेला महाकंजूष खासदार, खरं की थाप?

भुईनळा

मंडळी, काल रात्री यूट्यूबवर डिकन्सच्या नाताळच्या गोष्टीतल्या त्या खवीस म्हाताऱ्यावर, म्हणजे स्क्रूजवर, एक व्हिडिओ बघत होतो. त्यात म्हणे हे पात्र एका खऱ्या माणसावरून सुचलं आणि तो माणूस म्हणजे जॉन एल्वेस, अठराव्या शतकातला ब्रिटिश खासदार. मग तो व्हिडिओवाला जे सुटला की विचारू नका, हा माणूस भिकाऱ्याने फेकलेला विग घालायचा, उंदराने नदीतून ओढून काढलेली पाणकोंबडी खायचा, आणि अख्खी निवडणूक १८ पेन्समध्ये जिंकला. आपल्याकडे सोसायटीच्या चेअरमनच्या निवडणुकीत चहालाच याहून जास्त जातात.

तर हा माणूस खरंच खासदार होता का? १८ पेन्सचं काय गौडबंगाल आहे, तेव्हाच्या इंग्लंडात तर मतदारांना दारू पाजून पाजून उमेदवार कर्जबाजारी व्हायचे असं वाचलंय. आणि संसदेत जाऊन त्याने केलं काय? जाणकारांनी प्रकाश टाकावा. नुसतं गुगल कर म्हणू नका, केलंय, सगळीकडे तेच दहा किस्से फिरतात.

जुना_गडी

भुईनळा, खासदार होता, शंभर टक्के. बर्कशायर परगण्यातून १७७२ ते १७८४, बारा वर्षं. आणि साधासुधा नाही तर काउंटी मेंबर, म्हणजे एखाद्या शहराचा नाही तर अख्ख्या परगण्याचा प्रतिनिधी, त्याला तेव्हा जास्त मान असे.

जन्म १७१४ चा, मूळ नाव जॉन मेगट. बाप लंडनच्या सदर्क भागातला बिअर गाळणारा मोठा धंदेवाला, पोरगा लहान असतानाच गेला. आई श्रीमंत, पण इतकी चिक्कू की उपाशी राहून मेली असं लोक म्हणायचे. याचं शिक्षण वेस्टमिन्स्टर स्कूलमध्ये, मग जिनिव्हाला गेला आणि तिथे घोडेस्वारीत असा तयार झाला की युरोपातल्या उत्तम स्वारांत गणना व्हायची. व्होल्टेरला भेटला होता, चेहरा त्याच्यासारखा दिसतो म्हणायचे. म्हणजे तरुणपणी चांगला शौकीन गडी होता, कपडेलत्ते, पत्ते, थोरामोठ्यांत उठबस, सगळं.

खरी गंमत मामाची आहे. सर हार्वी एल्वेस, सफोकमध्ये स्टोक नावाच्या गावी जुनी हवेली, इस्टेट अडीच लाख पौंडांच्या घरातली, आणि हा मामा वर्षाला शंभर-सव्वाशे पौंडांत भागवायचा. भाच्याला इस्टेट हवी होती. मग तो मामाकडे जाताना वाटेत चेम्सफर्डच्या एका छोट्या खानावळीत थांबून कपडे बदलायचा, झिजलेला कोट, रफू केलेले मोजे, लोखंडी बकलांचे जुनाट बूट. आणि भूक दांडगी, मामाच्या घरी तर काही मिळणार नाही, म्हणून शेजारपाजारच्या एखाद्या घरी आधीच पोटभर जेवून घ्यायचा. मग मामाभाचे एका काटकीच्या शेकोटीपुढे बसून एकच वाइनचा पेला दोघांत पुरवून पुरवून पीत आणि भाचा किती उधळपट्टी चाललीये हो जगात म्हणून मामाच्या हो ला हो करी. अंधार पडला की मेणबत्ती जळू नये म्हणून दोघं झोपायला.

१७६३ ला मामा गेला, सगळं याला मिळालं, आडनाव तर त्याआधीच बदलून एल्वेस करून घेतलं होतं. आणि गंमत म्हणजे मामासमोर घातलेलं ते सोंग नंतर अंगातच भिनलं. हा मामासुद्धा एकेकाळी सडबरीचा खासदार होता बरं का, म्हणजे चिक्कूपणा आणि खासदारकी दोन्ही आजोळची.

१८ पेन्सचं कुणीतरी नीट सांगा, मला टायपायचा कंटाळा आलाय.

रेवाकाठ

मी सांगते. हा माझा आवडता विषय आहे त्यामुळे लांबण लागली तर आधीच माफी.

तेव्हा इंग्लंडमधल्या प्रत्येक काउंटीतून दोन सदस्य जायचे. मत कोणाला, तर ज्याच्याकडे वर्षाला ४० शिलिंग उत्पन्नाची स्वतःच्या मालकीची जमीन आहे त्याला. गुप्त मतदान नाही, चारचौघांत उभं राहून नाव सांगायचं आणि ते वहीत लिहून पुढे छापून यायचं. हजारो मतदार, काउंटीच्या कानाकोपऱ्यातून येणार, त्यांचं गाडीभाडं, राहणं, खाणं, पिणं सगळं उमेदवाराच्या खिशातून. १७५४ मध्ये शेजारच्या ऑक्सफर्डशायरला लढत झाली तेव्हा दोन्ही बाजूंचा मिळून सुमारे ४०,००० पौंड खर्च झाला होता, हॉगार्थची निवडणुकीवरची चित्रं आहेत ना, ती त्याच लढतीवरून. त्यामुळे काउंटीतल्या बड्या घराण्यांना लढत नकोच असायची, आधीच बसून ठरवून टाकायचे की यावेळी तुमचा एक आमचा एक, आणि मग बिनविरोध. आपल्या गावाकडे ग्रामपंचायत बिनविरोध करतात ना, तस्संच डिट्टो, फक्त इथे सगळे जहागीरदार.

१७७२ ला बर्कशायरचे खासदार टॉमस क्रेव्हन वारले. जागेवर दोन गटांत जुंपणार अशी चिन्हं दिसायला लागली. मग लॉर्ड क्रेव्हनने एल्वेसचं नाव पुढे केलं. मार्चम गावी त्याची जमीनजुमला असलेली वाडी होती, पैसा उदंड, कुठल्याच गटाचा नाही, कुणाशी वैर नाही, वय साठीच्या जवळ. सगळ्यांना चालण्यासारखा. एल्वेसने अट घातली की मी एक छदाम खर्च करणार नाही. कबूल म्हणाले. त्या दिवशी ॲबिंग्डनला जाऊन त्याने खानावळीत ठरल्या दराचं जेवण घेतलं, त्याचे झाले १८ पेन्स, म्हणजे दीड शिलिंग, तेव्हाच्या शेतमजुराची एक-दीड दिवसाची मजुरी. झाली निवडणूक. तेव्हा यात थाप काही नाही, फक्त "१८ पेन्समध्ये निवडणूक जिंकला" म्हटलं की चमत्कार वाटतो, प्रत्यक्षात निवडणूक अशी झालीच नाही.

आणखी एक. काउंटीचा सदस्य व्हायला वर्षाला ६०० पौंड जमिनीचं उत्पन्न असणं कायद्याने सक्तीचं होतं, आणि खासदारांना पगार १९११ पर्यंत नव्हताच. म्हणजे गरिबासारखा दिसणारा हा माणूस तिथे पोचला तो गडगंज होता म्हणूनच.

(अवांतर : ॲबिंग्डन आणि मार्चम दोन्ही आता ऑक्सफर्डशायरमध्ये आहेत, १९७४ ला सीमा बदलल्या. कुणी फिरायला गेलं तर बर्कशायरमध्ये शोधत बसू नका.)

गोट्या_सातारकर

हहपुवा. एक छदाम नाही म्हणाला आणि खानावळीचं बिल भरलं म्हणजे तत्त्वाला मुरड घातली की हो पठ्ठ्याने.

ते विगचं खरंय का?

जुना_गडी

गोट्या, विग एका गल्लीतल्या कुंपणात पडलेला सापडला होता, बहुतेक कुणा भिकाऱ्याने टाकलेला, तो उचलून पंधरा दिवस घातला. आणि विगचा दुसरा किस्सा तर खुद्द संसदेतला आहे. एक सदस्य दरबारी पोशाखात कमरेला तलवार लावून आला होता, जाता जाता तलवारीचं टोक एल्वेसच्या विगमध्ये अडकलं आणि विग घेऊन तो पुढे चालू लागला, त्याला पत्ताच नाही. मागून हा टकल्या म्हातारा आपला विग परत घ्यायला धावतोय आणि सभागृह हसून लोळतंय.

संसदेत काय केलं विचारशील तर भाषण शून्य. बारा वर्षांत एकही नाही. कधी या बाजूच्या बाकावर बसायचा कधी त्या, पक्ष असा नाहीच. त्यावर सहकाऱ्यांनी कोटी केली होती की याच्यावर कोट फिरवल्याचा (इंग्रजीत कोट फिरवणं म्हणजे पक्ष बदलणं) आरोप होऊच शकत नाही, कारण याच्याकडे कोट एकच आहे. तेव्हाचा तरुण पंतप्रधान विल्यम पिट, त्याचं मात्र एल्वेसला कौतुक, का, तर पिट बोलतो त्यात पौंड शिलिंग पेन्स असतात.

हजेरीला पक्का होता. आणि कितीही पाऊस असो, लंडनात चालतच घरी, भाड्याची गाडी केली तर शिलिंग जाईल ना. ओल्या कपड्यांत तसाच बसायचा, ते वाळवायला शेकोटी पेटवली तर कोळसा लागेल. असाच एकदा काळोखात घरी जाताना पालखीवाल्यांच्या दांड्याला धडकला आणि दोन्ही पाय सोलवटून निघाले. डॉक्टर बोलावला तर याने काय करावं, म्हणाला एक पाय तुम्ही बघा, दुसरा मी बघतो, तुमचा आधी बरा झाला तर फी. स्वतःचा पाय पंधरा दिवस आधी बरा झाला आणि डॉक्टर गेला हात हलवत.

मुळामुठा

मला तुमच्या सगळ्यांपेक्षा वेगळी गोष्ट जास्त विलक्षण वाटते. हा माणूस दुसऱ्यांच्या बाबतीत चिक्कू नव्हता. म्हणजे बघा, न्यूमार्केटच्या घोड्यांच्या शर्यतीत लॉर्ड ॲबिंग्डनने पैज मारली होती आणि भरायला पैसे नव्हते, तर एल्वेसने न मागता ७,००० पौंड काढून दिले. न मागता! आणि त्याच दिवशी ती शर्यत बघायला हा एका पाद्र्याला सोबत घेऊन घोड्यावरून निघाला, सकाळी सातपासून पाद्री बिचारा न्याहारीची वाट बघतोय, दुपार टळली तरी काही नाही, शेवटी भुकेने कासावीस होऊन त्याने विषय काढला तर एल्वेसने कोटाच्या खिशातून चेपलेला पॅनकेकचा तुकडा काढून पुढे केला. म्हणाला मार्चमहून दोन महिन्यांपूर्वी आणलाय पण अगदी ताज्यासारखा आहे. माझ्या डोळ्यापुढे त्या पाद्र्याचा चेहरा येतो.

जुगारही तसाच. रात्र रात्र बड्या लोकांबरोबर हजारोंचे डाव, हरला तर लगेच चुकते करणार, पण जिंकलेले पैसे समोरच्याने दिले नाहीत तर मागणार नाही, त्याला ते सभ्यपणाचं वाटायचं नाही. मग पहाटे चारला तिथून उठून थेट स्मिथफिल्डच्या गुरांच्या बाजारात, कारण एसेक्समधल्या त्याच्या थेडन हॉल शेतावरून गुरं विकायला यायची. तिथे चिखलात थंडीत उभा राहून खाटकाशी एका शिलिंगसाठी घासाघीस. गुरं आली नसली तर चालत पुढे वाटेत गाठायची, आणि कधी कधी तर तसाच चालत १७ मैल शेतापर्यंत.

आता संसदेकडे या. सोबतच्या खासदारांनी याच्याकडून किती पैसे उसने घेतले याला गणती नाही, आणि त्यातले बहुतेक परत आलेच नाहीत. इथे एक कायद्याची मेख आहे, खासदाराला दिवाणी कर्जापायी अटक करता येत नसे. बाहेरच्या सावकाराला ते ठाऊक, तो हात आखडता घेणार. एल्वेस मात्र तिथेच बाकावर सापडायचा आणि मागायला लाजायचा. याशिवाय अमेरिकेतल्या लोखंडाच्या कारखान्याचं गाजर कुणी दाखवलं त्यातही घातले. असे सगळे मिळून दीड लाख पौंड बुडाले म्हणतात. एका मेणबत्तीवर मरणाऱ्या माणसाचे दीड लाख!

आणि १७८४ ला पुढची निवडणूक आली, यावेळी पैसे खर्चावे लागणार असं दिसलं, तेव्हा खासदारकीच सोडली. मला तर वाटतं त्या अख्ख्या सभागृहात हाच एक माणूस विकत घेण्यासारखा नव्हता. पद नको, पेन्शन नको, पदवी नको. काय देणार त्याला?

वैनगंगेची

मुळामुठा दादा, बाकी सगळं मान्य पण त्याला संत करू नका जी. स्वतः उपाशी राहिला तो त्याचा प्रश्न, पण त्याच्या काटकसरीचं बिल दुसऱ्याच कोणी भरलं.

त्याच्याकडे शिकारीचे कुत्रे होते, घोडे होते, तोच एक शौक त्याने ठेवला होता. आणि सगळ्याला मिळून गडी एक. तो गडी पहाटे चारला उठायचा, गायींचं दूध काढायचा, मालकाचा आणि पाहुण्यांचा नाश्ता करायचा, मग हिरवा कोट चढवून घोड्यांवर जीन घालायची, कुत्रे सोडायचे, दिवसभर शिकारीत घोडा पळवायचा. परत आला की दोन-तीन घोडे खरारा करायचे, घरात पळत जाऊन टेबल मांडायचं, जेवण वाढायचं, परत तबेल्यात, परत गायी, कुत्र्यांना खाणं, घोड्यांच्या खाली गवत. आणि एल्वेस त्याला काय म्हणायचा माहिती आहे, आळशी कुठला, काम न करता पगार पाहिजे याला. हा सगळा थाट म्हणे वर्षाला ३०० पौंडांच्या आत बसवला होता. कसा बसला ते दिसतंच आहे.

दुसरं, लंडनमध्ये त्याने मॅरिलेबोन, हेमार्केट भागात ढीगभर घरं बांधली. त्यातलं जे रिकामं असेल त्यात हा जाऊन राहायचा, दोन पलंग, दोन खुर्च्या, एक टेबल आणि एक म्हातारी कामवाली. भाडेकरू मिळाला की बिऱ्हाड उचलून पुढच्या घरी. तर एकदा तो कुठे आहे तेच कोणाला कळेना. त्याचा नातलग कर्नल टिम्स शोधत शोधत ग्रेट मार्लबरो स्ट्रीटवरच्या एका घराशी आला, दार फोडून आत गेला तर वर हा अंथरुणावर बेशुद्ध पडलेला, आणि माळ्यावर ती म्हातारी घोंगडीच्या तुकड्यावर मरून पडलेली, दोनेक दिवस होऊन गेले असावेत. त्याला कर्नलने वाचवलं. म्हातारीचं नाव पण कुठे लिहून ठेवलेलं नाही.

गावाकडची हवेली पडायला आली तरी छप्पर दुरुस्त केलं नाही. एका पाहुण्यावर रात्री पाऊस गळायला लागला, तो बिचारा पलंग सरकवत सरकवत कोरडा कोपरा शोधत राहिला. आणि पोरांना शिकवलं नाही, कारण काय तर डोक्यात काही भरलं की खिशातून पैसे बाहेर पडतात. त्याला भोळा म्हणा, पण याला दयाळू कोणत्या हिशोबाने म्हणायचं?

भुईनळा

बापरे. धाग्याचं सोनं झालं. वैनगंगेची ताई, ते गड्याचं वाचून आमच्या एका जुन्या बॉसची आठवण आली, जाऊ दे.

पण एक शंका. हे सगळे किस्से इतके बेतलेले वाटतात, एक पाय डॉक्टरचा एक पाय माझा वगैरे. कुणी लिहून ठेवलेत हे? आणि १७७३ चा रेग्युलेटिंग ॲक्ट, १७८३ चं फॉक्सचं इंडिया बिल, म्हणजे ईस्ट इंडिया कंपनीला लगाम घालायचे प्रयत्न, हे सगळं याच्याच काळात झालं ना संसदेत? त्यावर काही बोलला का?

रेवाकाठ

तोंडच उघडलं नाही तर काय बोलणार. कंपनीच्या कारभारावर बर्क, फॉक्स, नॉर्थ तासन् तास बोलले आणि हा बाकावर ऐकत बसलेला.

किस्स्यांबद्दल शंका रास्त आहे. जवळपास सगळे एकाच माणसाकडून आलेत, एडवर्ड टॉपम. हा फौजेतला माणूस, मग वर्ल्ड नावाचं चटपटीत दैनिक चालवायचा. एल्वेसला ओळखत होता. एल्वेस वारल्यावर त्याने चरित्र आधी स्वतःच्या पेपरात हप्त्याहप्त्याने छापलं, मग १७९० ला पुस्तक काढलं, आणि ते धो धो खपलं, आवृत्त्यांवर आवृत्त्या. आता पेपर खपवायचा म्हणजे मीठमसाला आलाच. माझं मत असं की निवडून कधी आला, कधी सोडलं, किती ठेवून गेला हे पक्कं, कारण त्याला दुसरीकडे नोंदी आहेत. उंदराची पाणकोंबडी, आणि एका माशाच्या पोटातून निघालेला अर्धवट गिळलेला दुसरा मासा खाल्ला, हे टॉपमचं टॉपमला लखलाभ. मात्र टॉपम त्याची टर उडवत नाही हेही सांगायला हवं, तो सारखा म्हणतो की सार्वजनिक जीवनात माणूस स्वच्छ होता, स्वतःवर मात्र जुलूम करायचा. म्हणजे मुळामुठांचं मत तिथूनच आलंय 🙂

डिकन्सचं म्हणाल तर त्याच्या शेवटच्या पूर्ण कादंबरीत मिस्टर बॉफिन कंजुषांची चरित्रं वाचून घेतो, त्यात एल्वेसचं नाव येतं. म्हणजे डिकन्सला तो ठाऊक होता एवढं नक्की. स्क्रूज याच्यावरूनच घेतला हा लोकांचा तर्क. आणि मला तो फारसा पटत नाही, स्क्रूज कुणाला दमडी सोडत नाही, वसुलीला वाघ. एल्वेसला वसुलीच जमत नव्हती.

मुळामुठा

रेवाकाठ, पकडलंत 😀 पण वैनगंगेची, तुमचा मुद्दा मला खोडता येत नाही. त्या म्हातारीचं मी वाचलं होतं आणि सोयीस्कर विसरून गेलो होतो असं नाही, पण टॉपम ते दोन ओळींत उरकतो आणि विगवर मात्र चांगला रमतो, मग वाचणाराही तसाच वाहवत जातो.

गोट्या_सातारकर

मग पैशाचं काय झालं शेवटी? लग्न होतं का? पोरं म्हणताय म्हणून विचारतोय.

जुना_गडी

लग्न नाही. मार्चमच्या घरात एलिझाबेथ मोरेन नावाची घर बघणारी बाई होती, तिच्यापासून दोन मुलगे, जॉर्ज आणि जॉन. लग्नाची मुलं नसल्यामुळे घराण्याच्या वारशाने बांधलेली जमीन त्यांना मिळू शकत नव्हती, ती टिम्स लोकांकडे गेली. पण बाकी जे त्याच्या हातात होतं, सुमारे पाच लाख पौंड, ते मृत्युपत्राने या दोघांना. तेव्हाचे पाच लाख म्हणजे काय हे रेवाकाठ सांगतील.

शेवटचे दिवस वाईट गेले. थोरल्याने मार्चमला आणून ठेवलं होतं. डोकं जागेवर नव्हतं, थोडेसे पैसे कागदात गुंडाळून खोलीभर लपवायचा, मग जागा विसरायचा, रात्री बेरात्री ओरडत सुटायचा की माझे पैसे कुणाला नेऊ देणार नाही. एकदा रात्री दोनच्या सुमाराला घरातल्या पाहुण्याच्या पलंगाशी अनवाणी येऊन उभा राहिला, माझे जगातले शेवटचे पैसे चोरले म्हणून. पाच-सहा गिनी होत्या आणि थोडी चिल्लर. काही दिवसांनी खिडकीच्या झडपेमागे सापडले. कपडे, बूट, टोपी घालून, हातात काठी धरून झोपायचा. २६ नोव्हेंबर १७८९ ला गेला. जाताना धाकट्या जॉनला म्हणाला की तुला हवं होतं ते ठेवून जातोय अशी आशा आहे.

रेवाकाठ

पाच लाखांचा आजचा आकडा काढणं म्हणजे फसवाफसवी आहे, प्रत्येक साइट वेगळा देते. त्यापेक्षा असं बघ, काउंटीच्या खासदाराला वर्षाला ६०० पौंडांचं उत्पन्न पुरेसं आणि मानाचं धरलं जायचं. पाच लाख नुसते सरकारी रोख्यांत तीन टक्क्यांनी ठेवले तरी वर्षाला पंधरा हजार. कर तूच भागाकार.

आणि गोट्या, तुला सिनेमे आवडतात म्हणून सांगते, कॅरी एल्वेस हा नट याच घराण्यातला, आणि जिम कॅरीचा स्क्रूजवरचा २००९ चा ॲनिमेशनपट आला होता ना, त्यात त्याने पाच लहान लहान भूमिका केल्यात.

गोट्या_सातारकर

पाच भूमिका आणि मानधन एकच घेतलं असणार. नाव राखलं पोराने.

भुईनळा

😂😂 वाचनखूण साठवली. टॉपमचं पुस्तक नेटवर फुकट मिळतं का ते बघतो आता, या माणसाचं चरित्र विकत घेऊन वाचणं बरं दिसणार नाही.